विहिरीवरचा रस्ता

आमच्या गावात पहिली एस.टी. आली ती आमच्या विहिरीवरून. गाडीला आंब्याचे टहाळे बांधले होते, ड्रायव्हरच्या गळ्यात हार होता आणि गावचा पाटील पुढच्या बाकावर बसून, खिडकीतून हात काढून लोकांचे नमस्कार घेत होता. रस्ता जणू त्याच्या बापाने बांधला होता. सगळं गाव टाळ्या वाजवत होतं. मी आणि माय आमच्या बांधावर उभ्या होतो. गाडी बरोबर त्या जागेवर आली तेव्हा माय म्हणाली, "बग, आता हिरीवर चाक हाय." मी त्याच दिवशी मनात ठरवलं, की या माणसाला एक दिवस या गाडीतून आमच्या शेतापाशी खाली उतरवायचं. कसं ते मला ठाऊक नव्हतं. राग मात्र पक्का होता, आणि मी तो नीट सांभाळून ठेवला.

राग विहिरीपासून सुरू होतो, म्हणून आधी विहीर सांगते. छप्पन साली आमच्या वस्तीने बौद्ध धर्म घेतला. घरातले देव नदीत सोडले, गावकीची कामं सोडली, मेलेली ढोरं ओढणं सोडलं. पण पाणी कुठून सोडणार? पाणी पाटलाच्या विहिरीवरच होतं. तिथे आमच्या बायांनी घागरी घेऊन पायथ्याशी उभं राहायचं आणि वर कुणाला सवड झाली, की तो लांबूनच घागरीत पाणी ओतायचा. दोराला हात लावायचा नाही. सवड झाली नाही तर ऊन डोक्यावर येईपर्यंत उभं राहायचं. माय सांगायची, की लग्न होऊन आली त्या पहिल्या उन्हाळ्यात तिने पाण्यापेक्षा शिव्याच जास्त भरून आणल्या.

माझ्या बापाने ठरवलं, की धर्म बदलला तसं पाणीही बदलायचं. जिंतूर रस्त्याच्या फाट्याजवळ आमचा एक तुकडा होता, आजाच्या वतनातला. तिथे त्याने आणि चुलत्याने विहीर खणायला घेतली. पेरणी-काढणी आटोपली, की उन्हाळाभर खणायचं, पावसाळ्यात थांबायचं, पुन्हा उन्हाळ्यात खाली उतरायचं. खाली काळा पाषाण लागला. लोक हसायचे. पाटील येता-जाता विचारायचा, "काय रं, पाताळात जायलास का?" बाप खणत राहायचा. माय पाट्या ओढायची. मी तेव्हा लहान होते, मला वाटायचं सगळ्यांचे बाप उन्हाळ्यात जमिनीखालीच राहतात. शेवटी पाणी लागलं आणि लागलं तेही असं गोड, की आमच्या वस्तीतल्या म्हाताऱ्या नुसतं पाणी पिऊनच तारीफ करत बसायच्या. पहिली बादली मायने ओढली. दोराला हात लावताना ती थांबली होती म्हणे. सवय नव्हती ना.

दुष्काळाच्या आदल्या वर्षी बाप छातीच्या दुखण्याने गेला. सातबारावर मायचं नाव लागलं. आणि बहात्तर उजाडलं. पाऊस नाही, पेरणी नाही, गावोगाव सरकारने रोजगारासाठी रस्त्यांची कामं काढली. आमच्या गावालाही फाट्यापासून रस्ता मंजूर झाला. मोजणीवाल्यांनी दगड रोवले ते सरळ रेषेत, आणि ती सरळ रेषा पाटलाच्या मोसंबीच्या बागेतून जात होती. तिथून ती जाईल असं गावात कुणालाच वाटलं नाही. कामावरचा ओव्हरसियर पाटलाच्या घरी जेवला, बोकड पडला, आणि दुसऱ्या दिवशी दगड उठून आमच्या शेतात आले. दगडांना पाय फुटले म्हणायचे. सरळ रस्त्याला एक कोपरा पडला, आणि त्या कोपऱ्यात बरोबर आमची विहीर.

मी तेव्हा परभणीला मास्तरकीच्या शिक्षणाला होते. मायने ओव्हरसियरला आडवं जाऊन विचारलं, की जमीन कशी काय घ्यायलाव? तो म्हणाला, बाई, संपादन होईल, रीतसर नोटीस निघेल, मोबदला मिळेल, कागद मागून येतील. माय म्हणाली, "आन् हीर?" त्याच्या उत्तराआधीच मागून पाटील बोलला, "कशाची हीर गं? मचूळ पानी तिचं. जनावर तोंड लावत न्हाई." ओव्हरसियरने मान हलवली आणि विहीर निकामी ठरली. आजूबाजूच्या गावांत पाण्याला लोक वणवण फिरत होते, आमची अख्खी वस्ती त्या विहिरीवर तगली होती, आणि ती निकामी! ज्याने आयुष्यात आमच्या पाण्याला बोट लावलं नाही, त्याने तिची चव सांगितली.

ती बुजवायचं काम मुकादमाने आमच्याच वस्तीच्या टोळीला दिलं. माय त्या टोळीत होती. नाही म्हणाली असती तर हजेरीवरून नाव गेलं असतं, आणि त्या साली हजेरीवर नाव नसणं म्हणजे चूल नसणं. तिने मुरुमाच्या पाट्या वाहिल्या. नवऱ्याबरोबर जिथून पाट्या वर ओढल्या होत्या, तिथेच पाट्या खाली ओतल्या. मी सुट्टीत घरी आले तेव्हा विहिरीच्या जागी सपाट मुरूम होता आणि माय सरकारी टँकरच्या रांगेत होती. मी रडले नाही. मी दात-ओठ खाल्ले, आणि ते बरं केलं, कारण रडणं दोन दिवसांत संपलं असतं.

मग सुरू झाले खेटे. सरकारी काम आणि सहा महिने थांब, ही म्हण ज्याने केली तो फार आशावादी माणूस असला पाहिजे. आम्ही असे किती सहा महिने थांबलो ते मी मोजायचं सोडून दिलं. तहसिलात म्हणायचे, फाइल परभणीला गेली. परभणीत म्हणायचे, जिंतूरहून आलीच नाही. एकदा एक नोटीस निघाली असं कळलं, ती कुठल्याशा चावडीवर डकवली आणि तिची मुदतही संपून गेली. इकडे एस.टी. मात्र रोज वेळेवर, आमच्या बापाच्या कष्टावरून धूळ उडवत. कागद मागून यायचे ते मागेच राहिले.

मला पाथरीकडच्या एका शाळेत नोकरी लागली. पहिल्या सुट्टीत मी मायला घेऊन परभणीला वकिलाकडे गेले. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असं सगळ्यांनी सांगितलं. आम्ही शहाण्या नव्हतो, चिडलेल्या होतो. वकील म्हातारे होते, उर्दूत शिकलेले, निजामाच्या काळात कचेरीत उमेदवारी केलेले, कोटाचा काळा रंग विटून तपकिरी झालेला. सगळं ऐकून म्हणाले, "बाई, सरकारला जमीन घ्यायचा अख्तियार आहे. पण आधी घ्यायची आणि मग फुरसतीनं विचारायचं, हा अख्तियार निजामालाही नव्हता. एक तर कायद्यानं घ्या, नाही तर परत करा. एवढंच मागायचं."

माय म्हणाली, "साहेब, आजून एक मागा. पाटलाला म्हनायला लावा, पानी मचूळ न्हवतं म्हून."

वकील हसले. "कोर्ट पाण्याची चव घेत नाही, बाई."

"मग काय कामाचं हो तुमचं कोर्ट?" माय म्हणाली. ती खरंच विचारत होती.

पेश्या पडत गेल्या. मी रजा काढून यायची, माय गावाहून यायची, तेही त्याच एस.टी.ने, स्वतःच्या विहिरीवरून. दुसरी वाटच नव्हती. कोर्टाच्या आवारातल्या लिंबाखाली आम्ही भाकरी-ठेचा खायचो. कधी न्यायाधीश रजेवर, कधी सरकारी वकिलाला माहिती आलेली नाही, कधी माहिती आलेली पण चुकीच्या गावाची. सरकारचं म्हणणं दोनच वाक्यांचं होतं. एक, संपादनाची कारवाई चालू आहे. दोन, बाईने राजीखुशीने जमीन दिली, एवढंच नाही तर तिने स्वतः त्या कामावर मजुरी केली. हे दुसरं वाक्य पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माय पांढरीफटक पडली. तिच्या पाट्या तिच्याच विरुद्ध साक्षीला आणल्या होत्या.

राजीखुशी शाबीत करायला सरकारने साक्षीदार आणला तो पाटील. उंदराला मांजर साक्ष. नवं धोतर, रेशमी पटका, अत्तर. साक्षीदाराच्या पिंजऱ्यात तो असा उभा राहिला, की न्यायाधीशालाच त्याच्यापुढे आणून उभं केलंय असं वाटावं. सरकारी वकिलाने विचारलं, जमीन कशी दिली? पाटील सांगू लागला आणि सांगता सांगता त्याला रंग चढला. बाई लय खुश होती, साहेब. सोता म्हनली, गावाचा रस्ता होयलाय, घ्या माझी जमीन. कामाच्या मुहूर्ताला तिलाच पुढं केलं. तिनं कुदळीला हळद-कुंकू वाहिलं, नारळ फोडला, समद्यांना खोबरं वाटलं. आन् मंग पहिली कुदळ तिच्याच हातानं मारली.

माय हसली. हळू नाही, मोठ्याने हसली. पट्टेवाला ओरडला, न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. मायने तोंडाला पदर लावला, पण तिचे खांदे हलतच होते. वकील मागे वळले आणि त्यांनी डोळ्यांनीच विचारलं, काय? माय हळूच म्हणाली, "साहेब, नारळ? आन् म्या?" आणि मग अजून दोन शब्द बोलली. म्हाताऱ्या वकिलांच्या चेहऱ्यावर जे आलं, ते मला अजून दिसतं.

ते उठले ते अगदी गरीब होऊन.

"पाटील, आपण या गावचे जाणते. तुमच्या घरी नांगर धरायचा, घराचा पाया घालायचा, तर नारळ कोण फोडतं?"

"घरचा कर्ता. न्हाई तर सवाशीण."

"विधवा बाईच्या हातून मुहूर्त करता?"

"छे, छे! इधवेचा हात कसा चालंल? अपशकून हाय त्यो."

"वादी बाईचा नवरा कधी वारला?"

पाटील थांबला. त्याला आता दिसलं. "दुष्काळाच्या आदी," तो म्हणाला.

"म्हणजे घरच्या मुहूर्ताला जी चालत नाही, ती गावाच्या मुहूर्ताला तुम्ही पुढं केली?"

पाटील इकडेतिकडे पाहू लागला. वकिलांनी त्याला सोडलं नाही. आमच्या वस्तीने छप्पन सालापासून देव सोडले, हे खरं की नाही? खरं. त्या घरात तेव्हापासून नारळ फुटलेला कधी पाहिला? नाही. कधी त्या घरात गेला होता? नाही. मग बाईने हळद-कुंकू कुठून आणलं? तर मग त्या दिवशी नारळ फोडला कुणी?

"म्या," पाटील म्हणाला.

बरोबर आहे. त्याला खोटं बोलायचं होतं, पण राजीखुशी म्हणजे नारळ, याच्यापलीकडे त्याला काही सुचलंच नाही. स्वतः केलं होतं तेच त्याने मायच्या नावावर घातलं. पिढ्यान् पिढ्या आम्ही त्याच्या दारापुढून गेलो, आणि आम्ही काय पुजतो, काय नाही, कुणाचा नवरा मेला, कुणाचा जिवंत, हे त्याने कधी पाहिलंच नव्हतं. न पाहण्याची ती मस्ती त्याच्या अंगाशी आली. मला इतका आनंद झाला, की मला बाकावर बसवेना.

शेवटी वकिलांनी, मायचं मन राखायला असेल, एक प्रश्न विचारला. "विहिरीचं पाणी मचूळ होतं म्हणालात. तुम्ही प्यायलात कधी?"

"आमी कसं पिऊ त्यांचं पानी?" पाटील फिसकारला.

निकाल लागला. संमती शाबीत झाली नाही, संपादन झालेलं नाही, ताबा बेकायदेशीर. सरकारने ठराविक मुदतीत कायद्याप्रमाणे जमीन घ्यावी, नाही तर होती तशी परत करावी. मी मायला वाक्य वाक्य समजावून सांगितलं. ती सगळं ऐकून म्हणाली, "पान्याचं काय लिवलंय?" पाण्याबद्दल निकालात एक अक्षर नव्हतं. तिचं तोंड उतरलं. मी तिच्यावर चिडले, की आपण जिंकलो आणि तू असं काय करतेस? ती पिशवीतली भाकरी बांधू लागली.

मुदत सरकारने झोपेत घालवली. मग निकाल अमलात आणावा म्हणून आम्ही कोर्टात दरखास्त लावली, आणि एका सकाळी कोर्टाचा बेलिफ ताबा द्यायला आला. ताबा देताना दवंडी लागते. माझ्या आजाने जन्मभर दुसऱ्यांच्या जमिनीची दवंडी दिली होती, गावकीचं काम म्हणून. आता बेलिफाने जिंतूरहून माणूस आणला होता, आणि तो हलगी वाजवून मायच्या नावाने ओरडत होता, की ही जमीन या बाईची आहे. माय पदर खोचून ऐकत होती. तिने त्याला पुन्हा एकदा ओरडायला लावलं. बेलिफ म्हणाला, एकदाच पुरे. माय म्हणाली, "पुन्यांदा. गाव लांब हाय."

त्याच दिवशी आम्ही रस्ता फोडला. नांगर काही चालेना, खडी दाबून बसली होती. मग वस्तीतली माणसं पहारी आणि टिकाव घेऊन आली, चुलता सगळ्यांच्या पुढे. दुपारची एस.टी. फाट्यावरच थांबली. उतारू डोक्यावर गाठोडी घेऊन खडी तुडवत निघाले आणि आम्हाला शिव्या देत गेले. देऊ देत. मी शाळेतली बाई, पण त्या दिवशी हातात टिकाव घेतला, आणि खडीवर प्रत्येक घाव घालताना मी पाटलाचं नाव घेत होते. माझ्या हाताला फोड आले, ते मी कौतुकाने पाहत राहिले.

गाव चिडलं. गिरणीवाल्याने आमचं दळण बंद केलं, दुकानदार मीठ देईना. पाटील चावडीवर सांगत होता, की या बाईने गावाची वाट बंद केली. माय पाट्यावर ज्वारी भरडून कण्या शिजवायची आणि दिवसभर वस्तीतल्या माणसांबरोबर विहिरीतला मुरूम उपसायची. तिसऱ्यांदा पाट्या. या वेळी मी तिच्या पाठीमागे होते. तळाला पोचलो तेव्हा बापाने सुरुंगासाठी पाडलेली भोकं पाषाणात तशीच होती. माय त्यांच्यावर हात फिरवत बसली. सकाळपर्यंत पाणी घोट्याला लागलं.

आणि सरकार जागं झालं! गावाची एस.टी. बंद, मग कोणत्या तरी पुढाऱ्याचा आरडाओरडा, मग इतकी वर्षं न सापडणारी फाइल सापडली. मोजणीवाले साखळ्या घेऊन आले. आता कोर्टाचा हात लागलेल्या आमच्या शेतात पाय ठेवायची कुणाची छाती नव्हती. त्यांनी जुना नकाशा काढला, जुनी सरळ रेषा काढली. रेषा मोसंबीच्या बागेतून गेली. फळांनी लगडलेली झाडं तोडताना मी मुद्दाम गेले होते पाहायला. बांधावर बसून मी शेवटपर्यंत पाहिलं आणि संध्याकाळी पोटभर जेवले. लोक म्हणतात, सूड घेऊन समाधान मिळत नाही. त्यांनी घेतलेला नसतो.

पाटलाला नोटीस रीतसर मिळाली, त्याची जमीन कायद्याने गेली. पण मोबदल्याचा कागद मागून यायचा होता. तो काही आला नाही. तहसिलात म्हणाले, फाइल परभणीला गेली. मग पाटील कोर्टात गेला. मायच्या कानावर ही बातमी आली, तेव्हा ती नुसती "हं" म्हणाली.

त्या पुढच्या उन्हाळ्यात मी सुट्टीत घरी होते. नवा रस्ता अजून अर्धाच झालेला, एस.टी. फाट्यापर्यंतच यायची. भर दुपारी गाडी थांबली आणि पाटील उतरला. काखेत कागदांचं गाठोडं, पटका सैल झालेला, तोंड सुकलेलं. परभणीची पेशी करून आला होता. फाट्यावर सावली नाही, पाणी नाही, गाव लांब. आमचं शेत तेवढं समोर. तो बांधापर्यंत आला आणि उभा राहिला.

"पानी हाय का?" त्याने विचारलं. माझ्याकडे न बघता.

मी हा दिवस किती वर्षं मनात रंगवला होता! मी तांब्या उचलला. त्याला खाली बसवायचं, ओंजळ करायला लावायची आणि वरून, लांबून, धार धरायची. मध्येच थांबायचं. सवड नाही म्हणायचं. मी एक पाऊल टाकलं आणि मायने माझ्या हातातून तांब्या काढून घेतला. मला वाटलं, हिला ओतायचंय. तिचाच हक्क होता.

तिने तांब्या खाली ठेवला आणि दोर-बादलीकडे बोट केलं.

"घ्या शेंदून. हितं वरून कोनी वतत न्हाई."

पाटलाने आधी रस्त्याकडे पाहिलं, मग वस्तीकडे. कुणी बघत नव्हतं. त्याने कागद खाली ठेवले, वर दगड ठेवला आणि आमच्या दोराला हात लावला. आयुष्यात त्याने पाणी शेंदलं नव्हतं. बादली पाण्यावर नुसतीच तरंगत राहिली, बुडेना. झटका द्यावा लागतो. मायने सांगितलं नाही, मीही नाही. आम्ही दोघी उभ्या राहून बघत होतो. पुष्कळ वेळाने बादली भरली, ती ओढताना त्याचा पटका सुटून गळ्यात आला. तो तिथेच उकिडवा बसला आणि ओंजळीमागून ओंजळ प्यायला. शेवटी त्याने मिशीवरून हात फिरवला.

"पानी गोड हाय," तो म्हणाला. बोलून गेला तो, तहान भागलेल्या माणसासारखा.

माय विहिरीच्या काठावर बसली होती. तिने बादली आपल्याकडे ओढून घेतली.

"तवाबी गोडच व्हतं," ती म्हणाली.